जमीन-घराच्या दाव्यात ‘आमची फसवणूक झाली’ म्हटलं की कोर्ट काय करतं? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

तालुका कोर्टाच्या आवारात दिवसभर कानावर पडणारं वाक्य म्हणजे ‘साहेब, सह्या फसवून घेतल्या.’ अनेकदा ते खरंही असतं. पण कोर्टाला एवढ्या वाक्याचा उपयोग नसतो. कोण, केव्हा, कुठे, काय बोलून, आणि तुम्हाला ते कधी कळलं, ही पाच उत्तरं कोर्टाला लागतात. खालचे बहुतेक प्रश्न या पाचांपाशीच येऊन थांबतात. उत्तरं महाराष्ट्रापुरती आहेत, गोव्याचा एक प्रश्न वेगळा घेतला आहे.

कायद्याच्या भाषेत फसवणूक म्हणजे नेमकं काय?

करार कायदा, १८७२ च्या कलम १७ मध्ये व्याख्या आहे. खोटं आहे हे माहीत असून ते खरं म्हणून सांगणं, जाणूनबुजून महत्त्वाची गोष्ट लपवणं, पाळायचाच नाही असा शब्द देणं, हे सगळं त्यात येतं. पण लोक ज्याला फसवणूक म्हणतात त्यात तीन निरनिराळ्या गोष्टी मिसळलेल्या असतात आणि त्या वेगळ्या काढल्याशिवाय दावा उभा राहत नाही.

पहिली, सही तुमची नाहीच. दुसरीच बाई तुमच्या नावाने दुय्यम निबंधकासमोर बसली, तिनेच अंगठा दिला. असा दस्त मुळातच शून्य असतो. त्याने तुमची मालकी जात नाही.

दुसरी, सही तुमचीच, पण कागद कशाचा हेच तुम्हाला खोटं सांगितलं. ‘पीककर्जाचा फॉर्म आहे, मावशी’ असं म्हणून बक्षीसपत्रावर अंगठा घेतला. दस्ताचं स्वरूपच लपवलं गेलं असल्यामुळे हाही शून्य धरला जातो.

तिसरी, कागद खरेदीखताचा किंवा बक्षीसपत्राचा आहे हे माहीत होतं, पण आतला मजकूर खोटा सांगितला. दोन गट म्हणाले आणि चार लिहिले. असा दस्त शून्य नसतो, रद्द करता येण्याजोगा असतो. कोर्टातून रद्द होईपर्यंत तो जिवंत राहतो. सर्वोच्च न्यायालयाने १९६८ मध्ये निंगव्वा विरुद्ध बायरप्पा या निकालात दुसऱ्या आणि तिसऱ्या प्रकारातला हा फरक स्पष्ट केला. एका बाईला नवऱ्याने काही जमिनींचं बक्षीसपत्र म्हणून सांगितलं आणि त्यात जास्तीच्या जमिनी घातल्या, असं ते प्रकरण होतं.

हा फरक शब्दच्छल वाटेल. पण दाव्यात मागणं काय, मुदत किती, आणि मधल्या काळात तिसऱ्याने जमीन घेतली असेल तर तो वाचतो की बुडतो, हे सगळं यावर ठरतं.

वादपत्रात (दाव्याच्या लेखी अर्जात) ‘प्रतिवादींनी संगनमताने फसवणूक केली’ असं लिहिलं की पुरे ना?

पुरत नाही, आणि सगळ्यात जास्त दावे इथेच पडतात. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ६ नियम ४ प्रमाणे फसवणूक, गैरवाजवी दबाव असे आरोप करताना तपशील, तारखा आणि बाबी वादपत्रातच द्याव्या लागतात. शब्द कितीही जहाल वापरले तरी मोघम आरोपाची कोर्ट दखलसुद्धा घेत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९५१ मध्येच बिशुनदेव नारायण प्रकरणात सांगून ठेवलं आहे.

एक कल्पित उदाहरण घ्या. ‘माझ्या भावाने माझ्या अज्ञानाचा फायदा घेऊन हक्कसोड पत्र करून घेतले’ असं एका वादपत्रात आहे. दुसऱ्यात असं: ‘१२ मे रोजी सकाळी भाऊ माझ्या सासरी आला. वडिलांच्या नावची विहिरीची योजना मंजूर झाली आहे, सर्व वारसांच्या सह्या लागतात, असे त्याने माझ्या जावेसमक्ष सांगितले. त्याच दिवशी दुपारी तालुक्याला नेले. दस्त वाचून दाखविला नाही. ३ नोव्हेंबर रोजी तलाठी कार्यालयात सातबारा काढला तेव्हा माझे नाव कमी झाल्याचे प्रथम समजले.’ दुसरं वादपत्र वाचताना न्यायाधीशाला साक्षीदार दिसतात, तारखा जुळवता येतात, उलटतपासाची दिशा कळते. पहिल्यात नुसती तक्रार आहे.

वादपत्रात जे नाही ते पुढे साक्षीत आणता येत नाही. दुरुस्ती अर्ज देता येतो, पण साक्षीपुरावा सुरू झाल्यावर तो मंजूर होणं अवघड, आणि समोरचा वकील ‘ही मागाहून रचलेली गोष्ट’ म्हणायला टपलेलाच असतो.

फसवणूक सिद्ध कोणी करायची?

जो म्हणतो त्याने. नोंदणीकृत दस्त रीतसर झाला असं कोर्ट आधी गृहीत धरतं. ते खोडण्याचा भार आरोप करणाऱ्यावर असतो. किती पुरावा पुरेसा, याबाबत निकालांचे दोन सूर आहेत. दिवाणी दाव्यात शक्यतेचं पारडं ज्याच्या बाजूने झुकेल तो जिंकतो, असा एक. फसवणुकीचा आरोप फौजदारी आरोपासारखाच गंभीर, म्हणून पुरावाही तितकाच भक्कम हवा, असा दुसरा. प्रत्यक्षात न्यायाधीश दस्तामागची सगळी हकीकत सुसंगत लागते का, ते पाहतात.

भार उलटण्याचा एक महत्त्वाचा अपवाद आहे. ज्याच्यावर तुमचा पूर्ण विश्वास होता, ज्याच्या हातात तुमचं खाणंपिणं, औषधं, बँकेचं पुस्तक होतं, त्यानेच स्वतःच्या नावे दस्त करून घेतला असेल, तर व्यवहार सचोटीचा होता हे त्याने दाखवायचं. २००३ च्या कृष्ण मोहन कुल प्रकरणात दस्त लिहून देणारा शंभरी ओलांडलेला, अर्धांगवायू झालेला, अंथरुणाला खिळलेला निरक्षर माणूस होता. ज्यांचा दस्ताने लाभ झाला त्यांनीच सचोटी सिद्ध करावी, असं सर्वोच्च न्यायालय म्हणालं. बुरख्यातल्या, निरक्षर, व्यवहारापासून दूर ठेवलेल्या स्त्रियांबाबत कोर्टं फार पूर्वीपासून हेच संरक्षण देत आली आहेत. दस्त वाचून दाखवला होता का, आणि तिला तो समजला होता का, हे दोन वेगळे प्रश्न आहेत. दुसऱ्याचं उत्तर लाभधारकाने द्यायचं असतं.

मात्र पदवीधर, नोकरी करणाऱ्या माणसाने ‘मी न वाचता सही केली’ म्हटलं तर कोर्टाच्या कपाळावर आठी पडते. तेही स्वाभाविकच.

सही आपली नाही हे कसं दाखवायचं?

अंगठा असेल तर तुमचं नशीब चांगलं. नोंदणी कायद्याच्या कलम ३२अ मुळे हस्तांतराच्या दस्तावर पक्षकारांचे फोटो आणि बोटांचे ठसे लावावे लागतात. फोटोतली बाई दुसरीच निघाली की निम्मा दावा तिथेच संपतो. ठशांची तुलना हे बऱ्यापैकी पक्कं शास्त्र आहे. हस्ताक्षर तज्ज्ञाचं मत त्यामानाने कच्चं मानतात. कोर्ट ते वाचतं, पण केवळ त्यावर विसंबायला कचरतं. दोन्ही पक्ष आपापला खासगी तज्ज्ञ आणतात आणि दोघांचे अहवाल नेमके उलटे येतात, हा अनुभव सार्वत्रिक आहे. म्हणून कोर्टामार्फत सरकारी दस्तऐवज परीक्षकाकडे कागद पाठवण्याचा अर्ज वेळेत द्या. तुलनेसाठी त्याच काळातल्या निर्विवाद सह्या शोधा: बँकेचं नमुना कार्ड, पेन्शनचे कागद, सोसायटीच्या कर्जाची फाइल. वाद सुरू झाल्यावर केलेली सही तुलनेला घेऊन काही उपयोग नसतो, माणूस ती मुद्दाम वेगळी करू शकतो.

त्या दिवशी तुम्ही दुसरीकडेच होता हे दाखवणारा कागद तज्ज्ञाच्या अहवालापेक्षा पुष्कळदा जास्त बोलतो. दवाखान्याचं डिस्चार्ज कार्ड, कामावरचं हजेरीपत्रक, पासपोर्टवरचा शिक्का, असं काहीही चालेल.

भावाने हक्कसोड पत्रावर सही घेतली. मोबदला काहीच दिला नाही. ही फसवणूक नाही का?

मोबदला नाही एवढ्यावरून नाही. हक्कसोड विनामोबदला होऊ शकतो, आणि आपल्याकडे बहुतेक तसेच होतात: माहेर तुटू नये म्हणून, ‘भाऊ बघेल आपल्याला’ म्हणून. मागाहून भावाने पाहिलं नाही, वहिनीने बोलणं टाकलं, याचं दुःख खरं असतं, पण तो दस्त रद्द करण्याचा आधार होत नाही. आधार होतो तो सही घेताना जे खोटं सांगितलं त्याचा.

एक गोष्ट मात्र तपासा. नोंदणीकृत हक्कसोड खरंच झालं आहे, की नुसतं शंभराच्या स्टॅम्पवर लिहून फेरफार पाडला आहे? स्थावर मिळकतीतला हक्क नोंदणीशिवाय सोडता येत नाही. किंवा त्याहून सोपी चाल झाली असेल: वडील गेल्यावर वारस नोंदीच्या अर्जात बहिणींची नावंच घातली नाहीत. अशा वेळी दस्त रद्द करण्याचा प्रश्नच येत नाही, कारण दस्तच नाही. सरळ वाटपाचा दावा करायचा. मुलींना मुलांइतकाच जन्मतः हिस्सा देणारी २००५ ची दुरुस्ती, आणि त्यासाठी त्या तारखेला वडील हयात असण्याची गरज नाही असं सांगणारा ११ ऑगस्ट २०२० चा विनीता शर्मा निकाल, हे दोन्ही वडिलोपार्जित मिळकतीत बहिणींच्या पाठीशी आहेत.

खरेदीखतात पैसे मिळाले असं लिहिलंय, पण मिळालेच नाहीत. खरेदीखत रद्द होईल?

बहुधा नाही, आणि हे ऐकून लोकांचा विश्वास बसत नाही. सुरतजवळच्या जमिनीचं दहिबेन प्रकरण डोळ्यांसमोर ठेवा. खरेदीखत २ जुलै २००९ चं. किंमत १ कोटी ७४ लाख २ हजार रुपये, दस्तात ३६ धनादेशांची यादी. विकणाऱ्यांचं म्हणणं, आम्हाला फक्त ४० हजार मिळाले. दावा दाखल झाला डिसेंबर २०१४ मध्ये. सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये वादपत्र उंबरठ्यावरच फेटाळणं कायम ठेवलं. खरेदी म्हणजे दिलेल्या किंवा देण्याचं कबूल केलेल्या किमतीच्या बदल्यात मालकी देणं. किंमत बाकी राहिली तरी मालकी गेली. उपाय बाकी पैशांच्या वसुलीचा, तोही मुदतीत. शिवाय धनादेश वटले नाहीत हे पाच वर्षं कळलं नाही, असं कसं म्हणता, हा प्रश्न होताच.

म्हणून सहीच्या आधी खात्यात पैसे जमा झाल्याचं बघा. पुढची तारीख घातलेले धनादेश घेऊन खरेदीखत करून देणं म्हणजे बैल सोडून देऊन दावं हातात धरण्यासारखं.

कर्ज घेतलं होतं, सावकाराने तारण म्हणून खरेदीखत करून घेतलं. आता तो जमीन माझी म्हणतो. काय करता येईल?

मराठवाडा, विदर्भ, सोलापूर, नगर, कुठेही जा, हा प्रश्न येतोच. दोन लाख हवे असतात, सावकार म्हणतो ‘नुसतं नाममात्र खरेदीखत कर, पैसे दिलेस की उलटून देतो.’ कागदावर व्याजाचा उल्लेख नसतो. ताबा शेतकऱ्याकडेच राहतो, म्हणून त्यालाही काही वाटत नाही. दोन-चार वर्षांनी सावकार फेरफार करून घेतो आणि एक दिवस ट्रॅक्टर घेऊन बांधावर उभा राहतो.

इथे दोन वाटा आहेत. पहिली दिवाणी कोर्टाची. लेखी दस्ताविरुद्ध तोंडी पुरावा चालत नाही हा सर्वसाधारण नियम. पण दस्त खरा व्यवहार नव्हताच, तो निव्वळ देखावा होता, हे दाखवायला तोंडी पुरावा चालतो. महाराष्ट्रातूनच गेलेल्या गंगाबाई विरुद्ध छबुबाई प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हे १९८० च्या दशकाच्या सुरुवातीलाच मान्य केलं. कोर्ट मग खुणा शोधतं: बाजारभावाच्या मानाने किंमत किती कमी होती, वहिवाट कोणाकडे राहिली, पीकपाणी कोणाच्या नावे, शेतसारा कोणी भरला, त्याच सावकाराची गावात अशी आणखी किती खरेदीखतं आहेत. हा शेवटचा मुद्दा इंडेक्स-२ चा (नोंदलेल्या दस्तांच्या सूचीचा) शोध घेऊन सहज काढता येतो आणि त्याचं वजन मोठं असतं.

‘ठरल्या मुदतीत पैसे दिले तर जमीन परत’ अशी अट असलेली मुदत खरेदी हा जवळचा पण वेगळा प्रकार. ती अट त्याच दस्तात लिहिलेली असेल तरच त्याला गहाण म्हणता येतं. वेगळ्या चिठ्ठीवर लिहिली असेल तर मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५८ प्रमाणे गहाणाचा युक्तिवाद टिकत नाही. सावकारांना हे वकिलांपेक्षा चांगलं माहीत असतं.

दुसरी वाट महाराष्ट्र सावकारी (नियमन) अधिनियम, २०१४ ची. कलम १८ प्रमाणे जिल्हा निबंधक, म्हणजे व्यवहारात सहकार खात्याचे जिल्हा उपनिबंधक, चौकशी करून अवैध सावकारीतून बळकावलेली जमीन परत देण्याचा आदेश करू शकतात. अर्जाच्या मागच्या १५ वर्षांतले व्यवहार त्यात तपासता येतात. कोर्ट फीचा बोजा नाही. पण व्यवहार सावकारीचाच होता हे तिथेही दाखवावं लागतं. व्याजाच्या चिठ्ठ्या, फोनवरची रेकॉर्डिंग, खात्यातून गेलेले हप्ते असं जे असेल ते फेकू नका.

मुदत किती? आम्हाला दहा वर्षांनी कळलं.

दस्त रद्द करून मागायला मुदतीच्या कायद्याच्या अनुच्छेद ५९ प्रमाणे तीन वर्षं, जाहीर हुकूम (‘हक्क माझा आहे’ असं कोर्टाने जाहीर करणं) मागायलाही साधारण तीनच. फसवणुकीच्या प्रकरणात याच मुदतीच्या कायद्याच्या कलम १७ मुळे ही तीन वर्षं फसवणूक कळल्यापासून मोजतात. पण त्या कलमाचा दुसरा अर्धा भाग लोक वाचत नाहीत: ‘किंवा वाजवी दक्षता घेतली असती तर कळू शकली असती तेव्हापासून’. नोंदणीकृत दस्ताची माहिती जगाला झाली असंच कायदा धरून चालतो. त्यामुळे दस्ताला दहा वर्षं झाली असतील तर एवढ्या काळात कळलं का नाही, याचं पटेल असं कारण लागतं. ताबा तुमच्याकडेच होता, सातबाऱ्यावर नाव तुमचंच होतं, समोरच्याने दस्त बासनात ठेवला होता, ही चांगली कारणं. ‘गावाकडे जाणंच झालं नाही’ हे नाही.

सहीच खोटी असलेल्या, शून्य दस्ताबाबत तो रद्द करून मागण्याची गरज नसते. मालकीच्या आधारे ताबा परत मागायला, समोरच्याचा ताबा विरोधी (तुमची मालकी नाकारणारा) झाल्यापासून बारा वर्षं मिळतात. तरीही तीन वर्षांच्या आतच दावा करा. आपला दस्त पहिल्या प्रकारात बसतो की तिसऱ्या, याचा जुगार कशाला?

अज्ञानाची, म्हणजे अल्पवयीन मुलाची, मिळकत पालकाने कोर्टाच्या परवानगीशिवाय विकली असेल, तर सज्ञान झाल्यापासून तीन वर्षं.

दुय्यम निबंधक खोटा दस्त रद्द करून देतील का?

नाही. एकदा नोंदलेला दस्त रद्द करण्याचा अधिकार त्यांना नाही, असं २०१६ च्या सत्यपाल आनंद निकालापासून पक्कं आहे. त्यांचं काम दस्त नोंदण्याचं. आपल्याकडे नोंदणी दस्ताची होते, मालकीची नाही. खोटं निवेदन किंवा तोतयेगिरी झाली असेल तर नोंदणी कायद्याच्या कलम ८२ खाली गुन्हा होतो, शिक्षा सात वर्षांपर्यंत. त्यासाठी तक्रार जरूर द्या, पण दस्त कोर्टच रद्द करतं.

मग फेरफार तरी रद्द होईल?

फेरफाराची नोटीस आली तर मुदतीत लेखी हरकत द्या, नोंद विवादग्रस्त होते. मंजूर झाली असेल तर प्रांताकडे साठ दिवसांत अपील. पण महसूल अधिकारी मालकी ठरवत नाहीत, आणि सातबारा हा मालकीचा दस्त नाही. तहसीलदार, प्रांत, अपर जिल्हाधिकारी, आयुक्त असं सात-आठ वर्षं फिरून शेवटी ‘दिवाणी न्यायालयात दाद मागावी’ हा शेरा हातात घेऊन येणारे पक्षकार दर आठवड्याला भेटतात, आणि तोवर वर सांगितलेली तीन वर्षं उलटून गेलेली असतात. दोन्ही गोष्टी एकाच वेळी सुरू करा.

दावा चालू असताना त्याने जमीन तिसऱ्याला विकली तर?

दाव्यासोबत मनाईचा अर्ज जातो. महाराष्ट्रातल्या कोर्टात त्याला निशाणी ५ पडते, म्हणून सगळे त्याला ‘निशाणी पाच’च म्हणतात. कोर्ट तीन गोष्टी पाहतं: प्रथमदर्शनी तुमची बाजू उभी राहते का, मनाई दिली किंवा नाकारली तर जास्त गैरसोय कोणाची, आणि नुकसान पैशाने भरून येण्यासारखं आहे का. प्रकरण तातडीचं असेल तर समोरच्याला नोटीस देण्याआधीही तूर्तातूर्त मनाई मिळते. अशा वेळी काही लपवू नका. एक जुनं साठेखत (पुढे विक्री करण्याचा करार) दडवल्याचं नंतर उघड झालं तर मनाई उठते आणि पुढचा सगळा दावा त्या डागासकट चालतो.

आणि न विसरता लिस पेंडन्सची नोटीस नोंदवा. दावा चालू असताना झालेली विक्री दाव्याच्या निकालाला बांधील, हे मालमत्ता हस्तांतरण कायद्याचं कलम ५२. पण १९३९ च्या मुंबई दुरुस्तीमुळे आपल्याकडे त्याचा फायदा घ्यायला दुय्यम निबंधकाकडे दावा प्रलंबित असल्याची नोटीस नोंदवावी लागते. दुसऱ्या राज्यांतल्या लोकांचे सल्ले वाचून हे राहून जातं. खर्च किरकोळ, आणि पुढचा खरेदीदार शोध घेईल तेव्हा त्याला ती नोटीस दिसते. बिल्डर लोक मनाई हुकमापेक्षा या नोटिशीला जास्त वैतागतात.

आधी पोलिसांत जावं की दिवाणी कोर्टात?

दोन्हीकडे जाता येतं, पण पोलिसांकडे काय मागायचं ते समजून जा. १ जुलै २०२४ पूर्वीच्या कृत्याला भारतीय दंड संहिता लागते, म्हणजे ओळखीची कलमं: फसवणुकीचं ४२०, बनावट दस्ताची ४६७, ४६८, ४७१. त्यानंतरच्या कृत्याला भारतीय न्याय संहिता, तिथे फसवणुकीसाठी ३१८(४).

आता एक बारकावा, जो ठाण्यात आणि कोर्टात दोन्हीकडे गोंधळ घालतो. तुमच्या मालकीची जमीन चुलत्याने ‘माझी’ म्हणून स्वतःच्या सहीने विकली. हा बनावट दस्त का? २००९ च्या मोहम्मद इब्राहिम निकालाप्रमाणे, नाही. त्याने दुसऱ्या कोणाची सही केली नाही, तो दुसरा कोणी म्हणून उभा राहिला नाही, स्वतःच्या नावानेच खोटा दावा केला. त्यामुळे बनावटीकरणाचा गुन्हा बसत नाही. फसवणुकीची फिर्याद पैसे देणाऱ्या खरेदीदाराने करावी, कारण फसला तो. खरा मालक मात्र दिवाणी कोर्टात जाऊन ‘हा दस्त मला बंधनकारक नाही’ असं जाहीर करून घेऊ शकतो. हे ऐकल्यावर ‘म्हणजे चोराला मोकळं सोडायचं?’ असं जो तो विचारतो. चुलता तुमची खोटी सही करून किंवा तुमच्या बनावट मुखत्यारपत्राने विकता, तर गोष्ट पूर्ण वेगळी झाली असती.

निव्वळ पैशाच्या वादाला फौजदारी रंग देऊन समोरच्याला घाबरवण्याचा प्रयत्न असेल तर उच्च न्यायालय गुन्हा रद्द करतं, आणि तो आदेश मग समोरचा दिवाणी दाव्यात फडकवतो. त्याला कायद्याने फारशी किंमत नसली तरी वातावरण बिघडतंच.

मी जमीन प्रामाणिकपणे, पूर्ण पैसे देऊन घेतली. आता मूळ मालकीण म्हणते तिला फसवलं होतं. माझं काय?

पहिल्या प्रश्नातला फरक इथे जीव घेतो किंवा वाचवतो. तुमच्या विक्रेत्याचा दस्त बनावट सहीचा असेल तर त्याच्याकडे काहीच नव्हतं, तुम्हालाही काही मिळालं नाही. विक्रेत्यावर पैशाचा दावा करा. दस्त नुसता रद्द करता येण्याजोगा असेल आणि तो रद्द होण्याआधी तुम्ही मोबदला देऊन, माहिती नसताना घेतली असेल, तर कोर्ट तुम्हाला वाचवू शकतं. पण ‘माहिती नव्हती’ म्हणणाऱ्याने चौकशी केली होती का, हे पाहिलं जातं. तीस वर्षांचा शोध अहवाल, वर्तमानपत्रातली जाहीर नोटीस, आणि मुख्य म्हणजे जागेवर जाऊन ताबा कोणाचा आहे ते विचारणं. शेतात दुसरीच म्हातारी भुईमूग काढत होती आणि तुम्ही तिला काही विचारलंच नाही, तर तुमची सद्‌भावना संपली.

कोर्टाचा हुकूमनामाच फसवून घेतला असेल तर?

१९९३ च्या चेंगलवराय नायडू निकालातली गोष्ट सांगण्यासारखी आहे. एका व्यापाऱ्याच्या कारकुनाने मालकासाठी कोर्टाच्या लिलावात मिळकत घेतली, नंतर मालकाच्या नावे हक्क सोडल्याचा नोंदणीकृत दस्त करून दिला. पुढे तो दस्त कोर्टापासून लपवून त्याने स्वतःसाठी वाटपाचा हुकूमनामा मिळवला. उच्च न्यायालयाचं मत होतं, स्वतःविरुद्धचा कागद हजर करायची त्याच्यावर सक्ती नव्हती. सर्वोच्च न्यायालयाने ते खोडलं. महत्त्वाचा दस्त लपवणं हीच कोर्टाची फसवणूक, आणि असा हुकूमनामा कोणत्याही कोर्टात, कोणत्याही टप्प्यावर शून्य म्हणून दाखवता येतो, असं ठरवलं. न्याय मागणाऱ्याने स्वच्छ हातांनी यावं, हे त्या निकालातलं वाक्य आजही जवळपास प्रत्येक युक्तिवादात ऐकू येतं. इतकं, की कोणत्याही हरलेल्या दाव्यावर तो लावायचा प्रयत्न होतो. कोर्ट म्हणतं, निकाल चुकीचा असणं वेगळं आणि फसवून घेतलेला असणं वेगळं. चुकीच्या निकालाला अपील आहे.

तडजोड हुकूमनाम्याविरुद्ध स्वतंत्र दावा चालत नाही, त्याच कोर्टात अर्ज द्यावा लागतो. लोकअदालतीच्या निवाड्याला अपील नाही, उच्च न्यायालयात रिट करावी लागते.

मृत्युपत्र खोटं असल्याचा संशय आहे.

इथे भार मृत्युपत्र पुढे करणाऱ्यावर. दोन साक्षीदारांपैकी निदान एकाने, हयात असेल तर, कोर्टात येऊन ते सिद्ध करावं लागतं. थरथरती सही, आजारपण, ज्याला सगळं मिळालं त्यानेच लिहून घेण्यात घेतलेला पुढाकार, बायको-मुलींना कारण न देता वगळणं, अशा संशयास्पद बाबींचा खुलासाही त्यानेच करायचा. १९५९ च्या वेंकटाचल अय्यंगार निकालापासून हे असंच आहे. मृत्युपत्र नोंदणीकृत आहे म्हणून संशय आपोआप फिटत नाही. ‘मृत्युपत्र फसवून घेतलं’ असा आरोप तुम्ही केला, तर तो मात्र तुम्हीच सिद्ध करायचा. म्हणून शहाणे वकील संशयास्पद बाबी दाखवून थांबतात.

मी न्यू जर्सीत राहतो. पुण्यातला फ्लॅट मुखत्यारपत्रावर विकला गेला.

मुखत्यारपत्र तुम्ही दिलंच नव्हतं, दिलं होतं पण विक्रीचा अधिकार नव्हता, की अधिकार होता आणि पैसे दाबले? तिन्हींचे दावे वेगळे. नुसतं कुलमुखत्यारपत्र आणि साठेखत यावर झालेली ‘विक्री’ मालकी देत नाही, हे २०११ च्या सूरज लॅम्प निकालाने ठरलेलं आहे. वडिलांचं मुखत्यारपत्र त्यांच्या मृत्यूनंतर वापरलं गेलं असेल तर ते सर्वसाधारणपणे मृत्यूबरोबरच संपलेलं असतं. मृत्यूचा दाखला आणि दस्ताची तारीख शेजारी ठेवा.

साक्षीला मात्र स्वतः या. ‘मला फसवलं’ हे तुमच्या मनातलं ज्ञान आहे, तुमच्या वतीने मेहुणा ते सांगू शकत नाही. २००४ च्या जानकी भोजवानी निकालाने मुखत्याराच्या साक्षीला ही मर्यादा घातली. प्रवास शक्य नसेल तर परवानगी घेऊन व्हिडिओवरून साक्ष देता येते. पक्षकार साक्षीच्या पिंजऱ्यातच उभा राहिला नाही तर कोर्ट त्याच्याविरुद्ध अनुमान काढतं. जिंकण्यासारखे कितीतरी दावे याच कारणाने हरले आहेत.

गोव्यात वेगळं काय?

दिवाणी प्रक्रिया तीच. फसवणुकीची तऱ्हा वेगळी. मालक पोर्तुगालला, मुंबईला किंवा आखातात, घर बंद, आणि कागद पोर्तुगीज काळातले. जुन्या नोंदींत बनावट दस्त घुसवून अशी घरं-जमिनी लाटल्याची प्रकरणं इतकी वाढली, की सरकारला २०२२ मध्ये विशेष तपास पथक आणि निवृत्त न्यायाधीशांचा आयोग नेमावा लागला. वारस कोण हे तिथे पोर्तुगीज नागरी संहितेच्या परंपरेतून आलेल्या कायद्याने ठरतं, आणि नवरा-बायकोची मिळकत सामाईक धरली जात असल्यामुळे पत्नीच्या सहीशिवाय झालेली विक्री हा तिथला नेहमीचा मुद्दा असतो.

बिल्डरसोबतच्या विकसन करारात लवादाचं (वाद कोर्टाऐवजी नेमलेल्या पंचाकडे नेण्याचं) कलम आहे. फसवणुकीचा आरोप केला तर कोर्टात जाता येतं?

नुसत्या आरोपाने नाही. लवादाचा करारच फसवणुकीतून आलेला असेल, किंवा प्रकरणात सार्वजनिक स्वरूपाचा गंभीर प्रश्न गुंतला असेल, तरच कोर्ट. बाकी, हिशेबात लबाडी केली, क्षेत्रफळ कमी दिलं, हे लवादासमोर.

आमच्यावरच खोटा आरोप झालाय. दावा लवकर फेटाळता येईल?

वादपत्र वाचताच मुदत गेल्याचं किंवा फसवणुकीचा काहीच तपशील नसल्याचं दिसत असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ७ नियम ११ खाली अर्ज करा, दहिबेन प्रकरण त्याच वाटेने संपलं. त्यात फक्त वादपत्र आणि त्यासोबतचे कागद पाहिले जातात, तुमची कैफियत (लेखी उत्तर) नाही. दावा येणार अशी कुणकुण आधीच असेल तर कॅव्हेट (‘आम्हाला ऐकल्याशिवाय हुकूम देऊ नका’ असा आगाऊ अर्ज) लावा, ते ९० दिवस टिकतं. खोट्या दाव्याबद्दल भरपाईचा खर्च मिळण्याची तरतूद त्याच संहितेच्या कलम ३५अ मध्ये आहे, कमाल ३,००० रुपये. हसू नका, खरंच एवढेच आहेत.

वकिलांकडे पहिल्यांदा जाताना काय न्यावं?

दस्ताची साक्षांकित प्रत, झेरॉक्स नव्हे. दुय्यम निबंधक कार्यालयात अर्ज केला की मिळते. इंडेक्स-२, मागच्या तीस वर्षांचे सातबारा आणि सगळे फेरफार, फ्लॅट असेल तर सोसायटीचा भाग दाखला. आणि एक साधा कागद, ज्यावर डावीकडे तारीख आणि उजवीकडे त्या दिवशी काय झालं एवढंच. राग, शिव्या, भाऊबंदकीचा इतिहास नको. तारीख आठवत नसेल तर ‘पोळ्याच्या आदल्या दिवशी’, ‘धाकटीच्या बारशाच्या आठवड्यात’ असं लिहा, पंचांग काढून जुळवता येतं. सगळ्यात शेवटची ओळ ‘मला हे प्रथम कधी आणि कोणाकडून कळलं’ ही असू द्या. वकील तीच पहिल्यांदा वाचतो.